आरोपी परदेशी, तपास रखडलेला : कोर्टात दाद मागायची तर कधी आणि कशी?

कोल्हापूर : "साहेब बंदोबस्तात आहेत, पुढच्या आठवड्यात या." पोलीस ठाण्याच्या पायरीवर हे वाक्य ऐकलं नाही असा फिर्यादी जिल्ह्यात शोधून सापडणार नाही. बांधाची मारामारी असो की मोटरची चोरी, आठवडा पुढं गेला तरी आरोपी बहुतेक वेळा गावातच असतो. त्याचं घर, शेत, पाहुणेरावळे सगळं इथंच असतं. पण आरोपी परदेशी असेल, किंवा पैसा परदेशी खात्यात गेला असेल, तर तो एक आठवडा फार महाग पडतो. तेवढ्यात विमान सुटतं, खातं रिकामं होतं आणि साक्षीदार आपल्या देशात परत जातो.

असा तपास रखडला की लोक शेवटी हायकोर्टाचं नाव घेतात. आता तर ते आपल्या गावात आलंय. मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सुरू झालं आहे. तरीही थेट हायकोर्टात धाव घेतलेल्या अनेकांना "आधी खालच्या कोर्टात जा" असं ऐकून परत यावं लागतं. कोणत्या पायरीवर काय करायचं, कोर्ट काय देऊ शकतं आणि काय देऊ शकत नाही, हे आधीच माहीत असलेलं बरं.

टोरेस : पोलिसांना माहिती होती, तरी आरोपी गेले

ताजं उदाहरण मुंबईतलं आहे. 'टोरेस' नावाने दागिन्यांची दुकाने थाटलेल्या प्लॅटिनम हर्न या कंपनीने दर आठवड्याला परताव्याचं आमिष दाखवून हजारो लोकांचे पैसे गोळा केले. पैसे भरणाऱ्यांत भाजीवाले, रिक्षावाले, नोकरदार, गृहिणी असे सगळेच होते. जानेवारी २०२५ च्या पहिल्या आठवड्यात परतावा थांबला आणि दादरच्या दुकानासमोर गर्दी उसळली. एका भाजी विक्रेत्याच्या तक्रारीवरून शिवाजी पार्क पोलीस ठाण्यात गुन्हा नोंद झाला. पुढे तपास आर्थिक गुन्हे शाखेकडे गेला. फसलेल्यांचा आकडा १४ हजारांच्या वर गेला आणि रक्कम १४० कोटींच्या घरात पोहोचली.

या कंपनीचे मुख्य सूत्रधार युक्रेनचे नागरिक असल्याचं तपासात पुढं आलं. दुकानांची शटर खाली येण्याआधीच त्यातले बरेच जण देशाबाहेर गेले होते. काही परदेशी आणि काही स्थानिक आरोपी हाती लागले. पण गाडा हाकणारे निसटले.

हे प्रकरण उच्च न्यायालयात पोहोचलं ते एका सनदी लेखापालाच्या याचिकेमुळे. घोटाळ्याची माहिती आपणच बाहेर काढली, असं सांगत त्याने जिवाला धोका असल्याने पोलीस संरक्षण मागितलं होतं. न्यायमूर्ती रेवती मोहिते डेरे आणि न्यायमूर्ती नीला गोखले यांच्या खंडपीठासमोर सुनावणी झाली, तेव्हा विषय संरक्षणापुरता राहिला नाही. पोलिसांना आधी माहिती मिळूनही तत्परता का दाखवली गेली नाही, याबद्दल न्यायालयाने कडक शब्दांत नाराजी व्यक्त केली. मार्चमध्ये हजारो पानांचं दोषारोपपत्र दाखल झालं.

न्यायालयाच्या ताशेऱ्यांनी तपासाला वेग आला, हे खरं. पण देश सोडून गेलेला माणूस ताशेऱ्यांनी परत येत नाही. परदेशी आरोपीच्या प्रकरणात उशिराची किंमत अशी मोजावी लागते.

घाटाखालच्या दोन घटना

चंदगड-आजऱ्याच्या लोकांना गोवा परका नाही. आंबोली किंवा तिलारी घाट उतरला की पलीकडं गोवाच. तिथल्या दोन प्रकरणांकडं शेजारी ठेवून पाहिलं की पहिल्या काही दिवसांचं मोल कळतं.

१८ फेब्रुवारी २००८ रोजी हणजूण किनाऱ्यावर पंधरा वर्षांच्या एका ब्रिटिश मुलीचा मृतदेह सापडला. ती बुडाली असावी, अशी भूमिका पोलिसांनी सुरुवातीला घेतली. आईला ते पटलं नाही. तिने पाठपुरावा केला, दुसऱ्यांदा शवविच्छेदन झालं आणि अंगावर पन्नासहून अधिक जखमा असल्याचं समोर आलं. त्यानंतर खुनाचा गुन्हा दाखल झाला. जून २००८ मध्ये तपास सीबीआयकडे गेला. पण घटनास्थळ म्हणजे समुद्राची वाळू. तिथं पहिल्या दिवशी जे उचललं गेलं नाही, ते दुसऱ्या महिन्यात कुठून मिळणार? शिवाय एक महत्त्वाचा ब्रिटिश साक्षीदार मायदेशी परतला आणि साक्ष द्यायला पुन्हा आलाच नाही. सप्टेंबर २०१६ मध्ये बाल न्यायालयाने दोन्ही आरोपींना निर्दोष सोडलं. सीबीआयने अपील केलं. जुलै २०१९ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने एकाला दोषी ठरवून दहा वर्षांची शिक्षा दिली आणि दुसऱ्याची सुटका कायम ठेवली. या सगळ्यात अकरा वर्षं गेली.

दुसरं प्रकरण काणकोणचं. मार्च २०१७ मध्ये तिथं आयरिश-ब्रिटिश तरुणीचा खून झाला. इथं सुरुवातीपासून खून म्हणूनच तपास झाला आणि स्थानिक आरोपीला लगेच अटक झाली. खटला मात्र लांबला. फेब्रुवारी २०२५ मध्ये मडगावच्या सत्र न्यायालयाने आरोपीला दोषी ठरवून जन्मठेप दिली. म्हणजे इथंही जवळपास आठ वर्षं लागलीच. पण सुरुवातीचा पुरावा वेळेत गोळा झालेला असल्याने इतक्या वर्षांनंतरही खटला पायावर उभा राहिला.

परदेशी माणूस आला की फाइल कुठे अडते?

फिर्यादीला वाटतं पोलीस मुद्दाम टाळाटाळ करतायत. कधी कधी तसं असतंही. पण बऱ्याचदा फाइल खरोखरच तालुक्याच्या हाताबाहेरच्या टेबलावर पडलेली असते. ती कोणत्या टेबलावर आहे हे कळलं तर याचिकेत नेमकी मागणी करता येते.

*लूकआउट सर्क्युलर :* आरोपीला विमानतळावर अडवायचं असेल तर ही नोटीस लागते. ती ठाण्याचे पीआय थेट काढू शकत नाहीत. पोलीस अधीक्षक किंवा उपायुक्त दर्जाच्या अधिकाऱ्याकडून प्रस्ताव जावा लागतो आणि अंमलबजावणी केंद्राच्या ब्युरो ऑफ इमिग्रेशनकडून होते. ठाण्यातून प्रस्तावच गेला नाही, तर विमानतळावरच्या अधिकाऱ्याला काही कळण्याचा प्रश्नच येत नाही.

*परदेशातील पुरावा :* परदेशी बँकेच्या खात्याचा तपशील किंवा तिथल्या माणसाचा जबाब हवा असेल, तर तपास अधिकाऱ्याला न्यायालयाकडून 'विनंतीपत्र' काढून घ्यावं लागतं. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ११२ मध्ये ही तरतूद आहे. ते पत्र केंद्रीय गृह मंत्रालयामार्फत त्या देशात जातं. काही देशांशी परस्पर कायदेशीर साहाय्याचे करार आहेत, तिथं वाट थोडी सरळ आहे. तरीही यात महिने जातात, हे गृहीत धरावं.

*इंटरपोल :* परदेशात पळालेल्याविरुद्ध रेड नोटीस काढायची तर भारतात त्यासाठीची यंत्रणा सीबीआयकडे आहे. राज्यांच्या पोलिसांना ही विनंती लवकर पाठवता यावी म्हणून ७ जानेवारी २०२५ रोजी 'भारतपोल' हे पोर्टल सुरू झालं. त्यामुळे "आम्ही दिल्लीला कागद पाठवलाय" एवढ्यावर आता भागत नाही. कधी पाठवला, हे विचारता येतं.

*व्हिसा आणि नोंदणी :* जिल्ह्यात येणाऱ्या परदेशी नागरिकांच्या नोंदणीचं काम पोलीस अधीक्षक कार्यालयाकडे असतं. हॉटेल, लॉज किंवा घरगुती मुक्कामाची सोय करणाऱ्याने परदेशी पाहुण्याची माहिती चोवीस तासांत ऑनलाइन कळवायची असते. आरोपी शेवटचा कुठं राहिला, याचा माग काढायला ही नोंद फार उपयोगी पडते. १ सप्टेंबर २०२५ पासून यासाठी नवा इमिग्रेशन आणि परदेशी नागरिक कायदा लागू झाला आहे.

हा विषय मुंबई-गोव्यापुरता आहे, असंही समजू नये. ऑगस्ट २०१८ मध्ये पुण्याच्या कॉसमॉस बँकेवर सायबर हल्ला होऊन सुमारे ९४ कोटी रुपये गेले. बनावट कार्डांनी २८ देशांतल्या एटीएममधून पैसे निघाले आणि भारतात ज्या शहरांतून काढले गेले त्यात कोल्हापूरही होतं. एप्रिल २०२३ मध्ये पुण्याच्या न्यायालयाने अकरा जणांना दोषी ठरवलं. एटीएमवर कार्ड घेऊन उभे राहिलेले हात इथले होते, म्हणून ते सापडले. हल्ल्याची सूत्रं परदेशातून हलत होती.

पायऱ्या चुकवल्या तर कोर्ट परत पाठवतं

समजा, राधानगरी तालुक्यातल्या एका कुटुंबाने परदेशी माणसांनी चालवलेल्या एखाद्या योजनेत ऊसबिलाचे पाच लाख गुंतवले आणि ते बुडाले. आता पुढं काय?

*पहिली पायरी, पोलीस ठाणे.* ऑनलाइन पैसे गेले असतील तर ठाण्यात जायच्याही आधी १९३० या क्रमांकावर फोन करायचा. खात्यातली रक्कम गोठवायची तर पहिले काही तासच हातात असतात. त्यानंतर लेखी फिर्याद. गुन्हा मुंबईत किंवा गोव्यात घडला असला तरी जवळच्या ठाण्यात 'झिरो एफआयआर' नोंदवता येतो आणि तो पुढे संबंधित ठाण्याकडे वर्ग होतो. "आमच्या हद्दीत येत नाही" हे कारण चालत नाही. दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाल्यावर एफआयआर नोंदवणं पोलिसांवर बंधनकारक आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये ललिता कुमारी प्रकरणात स्पष्ट केलं. नव्या संहितेनुसार तीन ते सात वर्षांपर्यंत शिक्षा असलेल्या गुन्ह्यात उपअधीक्षकांच्या परवानगीने प्राथमिक चौकशी करता येते, पण तीही चौदा दिवसांत संपवावी लागते. एफआयआरची प्रत फिर्यादीला मोफत मिळते.

*दुसरी पायरी, पोलीस अधीक्षक.* ठाण्याने गुन्हा नोंदवायला नकार दिला तर कलम १७३(४) नुसार तीच माहिती लेखी स्वरूपात, टपालाने एसपींकडे पाठवायची. पोस्टाची पावती जपून ठेवायची. पुढच्या पायरीवर कोर्ट पहिल्यांदा ती पावतीच मागतं.

*तिसरी पायरी, तालुक्याचं न्यायदंडाधिकारी न्यायालय.* एसपींकडूनही हालचाल झाली नाही तर तालुक्याच्या कोर्टात कलम १७५(३) खाली अर्ज करायचा. जुन्या कायद्यात हेच कलम १५६(३) होतं आणि वकिलांच्या तोंडी अजून तोच आकडा आहे. अर्जासोबत शपथपत्र लागतं. गुन्हा नोंदवून तपास करा, असा आदेश न्यायदंडाधिकारी देऊ शकतात. गुन्हा नोंद आहे पण तपास नीट होत नाही, अशी तक्रारही इथं करता येते. बऱ्याच जणांना हे माहीत नसतं. सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये साकिरी वासू प्रकरणात हा अधिकार स्पष्ट केला. पुढे महाराष्ट्रातल्याच सुधीर तांबे विरुद्ध हेमंत धागे या प्रकरणात तो पुन्हा अधोरेखित केला. असे अर्ज थेट हायकोर्टात येऊ लागले तर हायकोर्टाला दुसरं कामच उरणार नाही, हा त्यामागचा विचार.

*चौथी पायरी, उच्च न्यायालय.* खालच्या पायऱ्या चढूनही काही झालं नाही, किंवा प्रकरणच असं आहे की दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाने ते सुटणार नाही, तेव्हा राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली फौजदारी रिट याचिका करता येते. अनेक जिल्ह्यांत किंवा राज्यांत पसरलेला गुन्हा, केंद्रीय यंत्रणांची गरज, खुद्द पोलिसांवरच संशय, किंवा आरोपी देश सोडण्याच्या बेतात असणं, अशी कारणं इथं वजनदार ठरतात. शेवटच्या कारणात तर थांबायला वेळच नसतो. अशा वेळी तातडीच्या सुनावणीची विनंती करता येते, पण तातडी का आहे याचा कागद हातात हवा.

नव्वद दिवसांचे दोन हिशेब

तपासात नव्वद दिवसांना दोन कारणांनी महत्त्व आहे.

पहिलं कारण फिर्यादीच्या बाजूचं. नव्या संहितेच्या कलम १९३ नुसार तपास कुठवर आला हे पोलिसांनी नव्वद दिवसांच्या आत फिर्यादीला किंवा पीडिताला कळवायचं आहे. फोनवरच्या संदेशाने कळवलं तरी चालतं. म्हणजे माहिती विचारणं ही आता विनवणी राहिलेली नाही. नव्वद दिवस उलटूनही काही कळलं नसेल तर तेवढाच मुद्दा लेखी अर्जात लिहावा.

दुसरं कारण आरोपीच्या बाजूचं. आरोपी कोठडीत असेल आणि ठरलेल्या मुदतीत दोषारोपपत्र गेलं नाही, तर त्याला जामिनाचा हक्क मिळतो. दहा वर्षे किंवा त्याहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यात ही मुदत नव्वद दिवस, इतर गुन्ह्यांत साठ दिवस. परदेशी आरोपीही याला अपवाद नाही. पोलिसांचा उशीर इथं थेट आरोपीच्या पदरात पडतो. जामीन देताना पासपोर्ट जमा करायला सांगितलं जातं, देश सोडायचा नाही अशी अट घातली जाते. पण प्रत्येक अट चालत नाही. जुलै २०२४ मध्ये फ्रँक व्हायटस या नायजेरियन नागरिकाच्या प्रकरणात, आरोपीने गुगल नकाशावरून आपला ठावठिकाणा पोलिसांना सतत दाखवत राहावा, ही जामिनाची अट सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली. सतत पाळत ठेवणारी अट खासगीपणाच्या हक्कात बसत नाही, असं न्यायालयाचं म्हणणं होतं.

हायकोर्ट काय करू शकतं, काय नाही

या जिल्ह्याला न्यायालयाच्या देखरेखीखालचा तपास म्हणजे काय, हे वेगळं सांगायला नको. १६ फेब्रुवारी २०१५ रोजी सकाळी फिरायला गेलेल्या कॉम्रेड गोविंद पानसरे यांच्यावर कोल्हापुरात गोळ्या झाडल्या गेल्या आणि चार दिवसांनी त्यांचं निधन झालं. त्या प्रकरणात परदेशी कोणी नव्हतं. पण तपासाच्या गतीबद्दल कुटुंबीय उच्च न्यायालयात गेले आणि न्यायालय वर्षानुवर्षं तपास पथकाकडून प्रगतीचा अहवाल मागत राहिलं. ऑगस्ट २०२२ मध्ये न्यायालयाने तपास विशेष पथकाकडून दहशतवादविरोधी पथकाकडे दिला. जानेवारी २०२५ मध्ये देखरेख थांबवून खटला वेगाने चालवण्यास सांगितलं.

त्यातून दोन गोष्टी दिसतात. हायकोर्ट तपासाला जाब विचारू शकतं, अहवाल मागू शकतं, वरिष्ठ अधिकाऱ्याकडे किंवा दुसऱ्या यंत्रणेकडे तपास देऊ शकतं. राज्य सरकारची संमती नसली तरी सीबीआयकडे तपास देण्याचा अधिकार हायकोर्टाला आहे, हे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने २०१० मध्ये मान्य केलं. मात्र हा अधिकार अपवादानेच वापरावा, असंही त्याच निकालात बजावलं. "पोलीस ऐकत नाहीत, सीबीआय द्या" एवढ्या एका ओळीवर तो मिळत नाही.

कोणाला अटक करायची, कोण दोषी, हे हायकोर्ट रिट याचिकेत ठरवत नाही. दोषारोपपत्र गेलं की देखरेखही साधारण संपते आणि पुढचं काम खटल्याच्या कोर्टाचं. म्हणून याचिकेत मोठमोठ्या मागण्यांपेक्षा नेमकी, मोजता येईल अशी मागणी कामाला येते : लूकआउट सर्क्युलरचा प्रस्ताव अमुक दिवसांत पाठवावा, परदेशी खात्याच्या माहितीसाठी विनंतीपत्राची प्रक्रिया सुरू करावी, साक्षीदार मायदेशी परतण्याआधी त्याचा जबाब दंडाधिकाऱ्यांसमोर नोंदवावा, चार आठवड्यांत प्रगतीचं प्रतिज्ञापत्र द्यावं.

साक्षीदार परदेशी गेलाच तर सगळं संपलं असंही नाही. २००३ मध्ये मुंबईतल्या डॉ. प्रफुल्ल देसाई प्रकरणात अमेरिकेतील डॉक्टरची साक्ष व्हिडिओ कॉन्फरन्सिंगने घ्यायला सर्वोच्च न्यायालयाने परवानगी दिली होती. आता तर नव्या संहितेत अशी साक्ष थेट मान्य आहे. फरार आरोपीच्या गैरहजेरीत खटला चालवण्याची सोयही कलम ३५६ ने केली आहे. मात्र ती गंभीर गुन्ह्यांत, आरोपीला रीतसर फरार घोषित केल्यानंतरच वापरता येते. फरार घोषित आरोपीची परदेशातली मालमत्ता शोधून जप्त करण्यासाठी कलम ८६ आहे. गुंतवणुकीच्या फसवणुकीत ठेवीदारांच्या हितसंरक्षणाचा महाराष्ट्राचा १९९९ चा कायदा लागला असेल, तर इथली मालमत्ता जप्त करून पैसे वाटण्याचा मार्ग खुला होतो. त्यासाठी प्रत्येक ठेवीदाराने आपलं नाव आणि रक्कम तपास यंत्रणेकडे नोंदवलेली हवी. शेजाऱ्याने तक्रार केलीय म्हणून गप्प बसणाऱ्याचं नाव यादीत आपोआप येत नाही.

कोणत्या बेंचकडे जायचं?

कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी कोल्हापूरचं सर्किट बेंच आहे. चार दशकांहून जुन्या मागणीनंतर १७ ऑगस्ट २०२५ रोजी तत्कालीन सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या हस्ते त्याचं उद्घाटन झालं. सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या न्यायालय इमारतीत त्याचं काम चालतं. चंदगडच्या माणसाला पूर्वी मुंबईची एक तारीख म्हणजे दोन रात्रींचा प्रवास आणि लॉजचा खर्च होता. आता सकाळच्या एसटीने येऊन संध्याकाळी घरी जाता येतं.

पण सीमाभागात एक गोष्ट लक्षात ठेवावी लागते. कोर्ट ठरतं ते साधारणपणे गुन्हा कुठं नोंद आहे त्यावरून. गुन्हा कागलला नोंद असेल तर कोल्हापूर बेंच. निपाणीत नोंद असेल तर कर्नाटक उच्च न्यायालयाचं धारवाड खंडपीठ. गोव्यात असेल तर पणजी जवळचं गोवा खंडपीठ, मुंबईत असेल तर मुंबईचं मुख्य पीठ. गुन्ह्याचा काही भाग इथं घडला असेल, उदाहरणार्थ पैसे कोल्हापूरच्या खात्यातून गेले असतील, तर इथंही दाद मागता येईल का, हे वकिलाकडून आधी तपासून घ्यावं.

वकिलाची फी परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समिती किंवा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करता येतो. महिला, मुले, अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्ती, कामगार आणि कोठडीतील व्यक्ती यांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. इतरांना उत्पन्नाची मर्यादा आहे. १५१०० हा मदत क्रमांक आहे.

परदेशी माणसालाही हेच दार खुलं

या सगळ्याची दुसरी बाजूही आहे. बळी किंवा फिर्यादी परदेशी असेल तर त्यालाही भारतात दाद मागता येते. २००० मध्ये चंद्रिमा दास प्रकरणात, हावड्यात अत्याचार झालेल्या बांगलादेशी महिलेला भरपाई देण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने कायम केला. जगण्याचा हक्क फक्त भारतीय नागरिकांपुरता नाही, हे त्यातून स्पष्ट झालं. परदेशी माणूस निर्दोष असेल तर रखडलेला तपास त्याचाही जीव घेतो. पासपोर्ट जमा, व्हिसा संपलेला, काम करायची परवानगी नाही आणि घरी जाता येत नाही. तोही तपास लवकर संपवा म्हणून कोर्टात येऊ शकतो.

अटक केलेल्या परदेशी नागरिकाला आपल्या दूतावासाशी संपर्क करू देण्याचा नियम १९६३ च्या व्हिएन्ना करारात आहे. हा नियम आपल्या माणसांच्याही कामी येतो. मूळचे सांगलीचे कुलभूषण जाधव यांना पाकिस्तानने दूतावासाची भेट नाकारली, तेव्हा भारत याच करारावर बोट ठेवून आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेला आणि जुलै २०१९ मध्ये निकाल भारताच्या बाजूने लागला. आपल्या ठाण्यात हा नियम डावलला गेला तर आरोपीचा वकील तोच मुद्दा पुढं करतो आणि चांगला खटला कमकुवत होतो.

पिशवीत काय हवं?

तपासाच्या याचिकेत बाजू मजबूत होते ती तारखांनी. म्हणून पहिल्या दिवसापासून एका पिशवीत इतकं जमा करत राहावं :

– फिर्यादीची प्रत, तिच्यावर ठाण्याचा शिक्का आणि तारीख. पोहोच देत नसतील तर त्याच दिवशी तोच अर्ज पोस्टाने.

– एफआयआरची प्रत आणि तपास अधिकाऱ्याचं नाव. अधिकारी बदलला तर बदलल्याची तारीख.

– एसपी कार्यालयाला पाठवलेला अर्ज आणि पोस्टाची पावती.

– परदेशी व्यक्तीबद्दल जे माहीत असेल ते सगळं : पासपोर्टची झेरॉक्स, फोन क्रमांक, मुक्कामाचं ठिकाण, बँक व्यवहार, चॅट. चॅटचे फोटो काढून ठेवावेत, पण मूळ मोबाईल विकू नये, रीसेटही करू नये.

– ठाण्यात प्रत्यक्ष गेल्याच्या तारखा, कोण भेटलं आणि काय म्हणालं. साध्या वहीत लिहिलं तरी चालतं.

– माहिती अधिकारात मागितलेली माहिती आणि आलेलं उत्तर. तपासाला अडथळा येईल म्हणून काही माहिती नाकारता येते, पण कशी अडथळा येईल हे सांगावं लागतं.

याचिकेचा मसुदा वकील करतील. पण आरोपी देश सोडण्याच्या तयारीत आहे हे फिर्यादीने पोलिसांना कोणत्या तारखेला लेखी कळवलं, ही ओळ वकिलाला मनानं लिहिता येत नाही. "तोंडी सांगितलं होतं" या वाक्याला कोर्टात वजन नसतं. पुढच्या आठवड्यात या, असं ठाण्यात कोणी म्हणालं तर यायचंच. पण तिथून बाहेर पडण्याआधी हातातल्या अर्जावर त्या दिवसाचा शिक्का मारून घ्यायचा.